लाटसाहेबाच्या नावावर शेण

पडदा ओढला आणि टाळ्या वाजायच्या जागी सारं गाव गप्प झालं.

वेशीवर नवा काळा दगड उभा केला होता. त्यावर लढाईत मेलेल्या आमच्या गावच्या जवानांची नावं वरून खालपर्यंत ओळीने कोरलेली होती, आणि सगळ्यात खालची ओळ शेणाने सारवलेली होती. रागाने फेकलेलं शेण नव्हतं ते. सणासुदीला चूल सारवावी तसं काम होतं. बोटांचे फराटे एका मापाचे आणि कडा सरळ. सनईवाल्याने सूर अर्ध्यावर सोडला. आगाशे मामलेदार खुर्चीतून उठायला गेले आणि अर्धवट वाकलेलेच राहिले.

"हे कुणी केलं?" ते म्हणाले.

माणसं बायकांच्या घोळक्याकडे बघायला लागली. शेणाचं काम म्हटल्यावर बाप्यांवर कोण संशय घेणार?

"म्या केलं," मी म्हणाले आणि उभी राहिले.

खोटं कशाला सांगू, मला भीती वाटत नव्हती. पहाटे शेणाची पाटी घेऊन वेशीवर गेले, पडद्याखाली हात घातला, तेव्हाच भीती संपली होती. उत्तरंसुद्धा मी घोकून ठेवली होती. माझा नवरा मेलेला नाही, म्हणून दगडावरचं त्याचं नाव मी बुजवलं, काय करायचं ते करा, असं मी सगळ्यांच्या तोंडावर सांगणार होते.

पण आगाशे मामलेदार वेगळंच बोलले.

"अगं बाई, तुला कळतंय का तू काय केलंस? ते नाव साहेबांचं आहे."

मी दगडाकडे पाहिलं. तेव्हा मला अक्षर येत नव्हतं. आदल्या दिवशी कोंडिबा पाथरवटाला मी विचारलं होतं, तर तो म्हणाला होता, "तुझ्या धन्याचं नाव समद्यात शेवटी घातलंय." ते खरंच होतं. मेलेल्यांत माझ्या नवऱ्याचं नाव शेवटचं होतं. पण त्याच्याही खाली, हा दगड अमक्या साहेबांनी उघडला, अशी एक ओळ सरकारने घालायला लावली होती. कोंडिबाच्या लेखी ते नाव मेलेल्यांत नव्हतं, म्हणून त्याने ते धरलं नाही. आणि मी आपली खालून चाचपत शेवटची ओळ गाठली होती.

म्हणजे ज्याने पडदा ओढला त्याच्याच नावावर मी शेण सारवलं होतं, आणि माझ्या नवऱ्याचं नाव वर लख्ख दिसत होतं.

पडद्याची दोरी अजून साहेबाच्या हातात होती. लॉर्ड हेस्केटन त्याचं नाव. गाव त्याला लाटसाहेब म्हणायचं. विलायतेतल्या एका मोठ्या उमरावाचा थोरला मुलगा. तिकडच्या पार्लमेंटात लोकांच्या मतांवर निवडून बसलेला. आणि लढाईच्या काळात आमच्याच मराठा पलटणीत कप्तान. उंच, हडकुळा, कान उन्हाने लाल झालेले, छातीवर बिल्ल्यांची ओळ. सकाळपासून तो मामलेदारांशी इंग्रजीत बोलत होता. आता तो दोरी सोडून पायऱ्या उतरला, माझ्यासमोर आला आणि म्हणाला,

"का गं? माज्यावर राग हाय व्हय?"

मामलेदारांचं तोंड उघडंच राहिलं. साहेबाला मराठी येतं हे त्यांना ठाऊक होतं, पण ते असं, आमच्या खोऱ्यातलं, मळ्यातलं मराठी असेल असं त्यांच्या स्वप्नातही नव्हतं.

"तुमच्यावर न्हाई सायेब," मी म्हणाले. "चुकलं माजं. मला वरची वळ सारवायची हुती."

मागे कुणीतरी फसकन हसलं. साहेबाच्याही ओठाचा कोपरा हलला.

"वरची कुनाची?"

कुंकवाच्या धन्याचं नाव बाईने असं भर सभेत कसं घ्यावं? शेवटी माझ्या मागच्या बायकाच म्हणाल्या, "तिच्या मालकाची."

साहेबाने दगडाकडे पाहिलं आणि त्याचं हसू गेलं. "येसाजी फडतरे," तो म्हणाला.

इतक्यात माझे सासरे काठी टेकत पुढे आले. मामंजी म्हणजे गावातला ताठ माणूस, पण त्या दिवशी त्यांनी साहेबासमोर हात जोडले.

"सरकार, माजी सून हाय. डोसकं फिरलंय तिचं. पोर माजा लढाईत पडला, त्याचं नाव दगडावर आलं, माजं भाग्य. तिच्याकडं ध्यान देऊ नका."

मामंजींवर मी कधी राग धरला नाही. त्यांचं दुखणं मला ठाऊक होतं. नवरा पलटणीबरोबर समुद्रापार बसऱ्याला गेला आणि परत आला नाही. सरकारने आधी 'बेपत्ता' म्हणून कळवलं आणि काही वर्षांनी 'मेला असे समजावे' म्हणून. त्या मधल्या वर्षांत चावडीवरच्या रिकामटेकड्यांनी मामंजींचं नाव घेऊन पाचकळपणा केला. दादबा फडतऱ्याचा पोरगा पलटण सोडून पळाला, तिकडंच घरोबा करून बसलाय, दोन पोरंसुदिक झाल्यात म्हनं. त्या दिवसापासून मामंजी चावडीवर गेले नाहीत. दगडावर नाव आलं की पोरगा वीर ठरणार होता आणि लोकांची तोंडं बंद होणार होती. बापाला याहून जास्त काय पाहिजे?

पण माझंही पाहा. दगडावर नाव आलं की मी रांड झाले. त्याच दुपारी मला नदीवर नेऊन बांगड्या फोडायच्या, डोरलं उतरवायचं, असं भावकीतल्या बायकांनी ठरवूनही टाकलं होतं. समारंभाला विधवांसाठी वेगळं बाकडं मांडलं होतं आणि साहेबाच्या हातून त्यांना द्यायची पांढरी लुगडी टेबलावर रचली होती. त्यात एक माझं होतं. सकाळी शिपाई मला त्या बाकड्यावर बसवायला आला, तर मी कपाळभर कुंकू आणि कोपरापर्यंत हिरवा चुडा घेऊन सवाष्णींत जाऊन बसले. हरवलेल्या माणसाची बारा वर्षं वाट बघायची, मगच त्याची दर्भाची मूर्ती करून जाळायची, ही आपली रीत आहे. बारा वर्षं कुठे झाली होती? देवाधर्माने दिलेली मुदत सरकारच्या दगडाने कशी काय संपते?

मी तेच म्हणाले. "सायेब, माजं मानूस मेलेलं न्हाई. त्याचं नाव तितनं काढा."

"येसाजी शूर गडी व्हता," साहेब म्हणाला. "लढाईत मेला. मी सांगतो. मी त्याचा कप्तान व्हतो."

"तुमी बघितलं?"

"काय?"

"मरताना बघितलं त्यास्नी? तुमच्या डोळ्यानं?"

साहेब दगडाकडे बघायला लागला. मामलेदार मात्र तडकले. एका अडाणी बाईने लॉर्ड साहेबांची उलटतपासणी घ्यावी हे त्यांच्या पचनी पडत नव्हतं. त्यांनी शिपायाला हाक मारली, "हिला बाजूला घे आणि ते शेण धुऊन काढ आधी," असं म्हणत ते पुढे आले. तेव्हा साहेबाने मागे न बघता नुसता हात वर केला.

"दमानं, मामलेदार, दमानं. डोंगर काय पळून चाललाय?"

मी दोन पावलं पुढे गेले.

ते बोलणं माझ्या नवऱ्याचं होतं. भाकरीला उशीर झाला म्हणून मी धावत बांधावर गेले की तो म्हणायचा, दमानं गं, डोंगर काय पळून चाललाय? बैल अडला, पाऊस लांबला, मामंजी कावले, सगळ्याला त्याचं हेच एक औषध. भरती होऊन निघाला तेव्हा स्टेशनावर गाडीने शिट्टी दिली आणि मी त्याची बाही धरून ओढली, तेव्हाही हेच म्हणाला आणि हसला. गावात दुसरं कुणी असं बोलत नसे. इतक्या वर्षांनी ते शब्द मी ऐकले, ते एका गोऱ्या माणसाच्या तोंडून.

"ह्ये बोलनं कुनाचं?" मी विचारलं.

साहेब माझ्याकडे बघत राहिला. आपण काय बोलून गेलो ते त्याच्या तेव्हाच ध्यानात आलं असावं.

"त्याचंच," तो म्हणाला. "मराठी त्यानंच शिकिवलं मला. माज्या दिमतीला व्हता. तंबूत बसून शिकवायचा. भाकरी कशी मोडायची, कांदा कसा फोडायचा, शिव्या कुनाला कंच्या द्यायच्या, समदं."

"मंग त्यो कसा मेला ते तुमास्नी म्हाईत पायजे."

"म्हाईत हाय."

"तर भंडारा उचला."

आता मात्र गाव हललं. वेशीच्या आतच खंडोबाचं देऊळ. देवाचा भंडारा हातात घेऊन माणूस जे बोलेल ते खरं. वाटण्या, बांध, सोयरिकी, सगळ्यांचे निवाडे आमच्याकडे भंडाऱ्यावर व्हायचे. खोटा भंडारा उचलला तर घर बसतं, वंश खुंटतो, असं लहान पोरही सांगेल. पण साहेबाला भंडारा उचलायला सांगायचं म्हणजे हद्द झाली.

"मूर्ख बाई," मामलेदार म्हणाले, "हे कोण आहेत ठाऊक आहे? सगळ्या राज्याचे कायदे जिथे होतात तिथे बसतात हे. यांचा शब्द हीच शपथ."

"तितं काय उचलत्यात ते मला ठावं न्हाई," मी म्हणाले. "हितं भंडारा उचलत्यात. सायबांनी भंडारा हातात घेऊन सांगावं, त्यो मेला, म्या बघितलं. म्या हितंच, ह्या दगडावर बांगड्या फोडते. नदीवर जायाचीबी गरज न्हाई."

मामंजींनी माझ्याकडे पाहिलं. त्यांच्या डोळ्यांत राग नव्हता. त्यांनाही ऐकायचं होतं.

साहेबाने टोपी काढून खुर्चीवर ठेवली, हातमोजे काढले आणि गुरवाला म्हणाला, "आन."

गुरव देवळातून ताट घेऊन आला. त्याने भंडारा साहेबाच्या ओंजळीत घातला, वर बेलाचं पान ठेवलं. हळद साहेबाच्या कोटाच्या बाहीवर सांडली. बस, एवढंच बोलायचं होतं त्याला, मेला म्हणून. दोन शब्दांचं काम. मामंजींचा पोरगा वीर, सरकारचा दगड साजरा, साहेब घोड्यावर बसून पुढच्या गावाला. मी चुड्यावर हात ठेवून वाट पाहत होते.

"येसाजीनं मला भंडाऱ्याचं सांगितलं व्हतं," साहेब म्हणाला. "म्हनला, सायेब, खोटं बोलायचं आसंल तर बायबल उचला, भंडारा उचलू नका."

कुणी हसलं नाही.

"आमचं घरानं लई जुनं. वाड्याशेजारी आमचं देऊळ हाय. तितं समद्या पूर्वजांची नावं दगडात कोरल्यात, भुईवर, भिंतीवर. घराण्याच्या ढालीवर एकच बोल हाय, सर्वांमागं आमी. म्हंजी काय, लढाई मोडली, फौज मागं फिरली, तर हेस्केटन समद्यांच्या शेवटी निघतो. माजा बाप मला हाताला धरून एकेक दगड वाचून दाखवायचा. ह्यो शेवटी निघाला, त्यो शेवटी निघाला. तूबी शेवटी निघायचं."

मग तो दगडाकडे न बघता, माझ्याकडे बघत पुढे बोलला.

"बसऱ्याच्या वर दजला नदीवर आमची पलटण मागं फिरली. समदे पलीकडं गेले. शेवटची होडी ऱ्हायली. कप्तानानं शेवटी निघायचं, त्यो हुकूम बी व्हता आन आमच्या घरान्याचा बोल बी. येसाजीच्या मांडीत गोळी बसलेली. मी म्हनलं, चल, होडीत बस. त्यो म्हनला, जखमी लई हाईत, जागा न्हाई. आन काठावरनं कुनीतरी बंदूक चालवली पायजे, न्हाईतर दुश्मन होडी बुडवतोय. मी म्हनलं, मी थांबतो. तर हसला. म्हनला, तुमी व्हा म्होरं सायेब. दमानं. डोंगर काय पळून चाललाय?"

भंडारा त्याच्या बोटांतून गळत होता.

"आन मी गेलो. त्यानं सांगितलं म्हनून न्हाई. मला मरायचं नव्हतं म्हनून गेलो. पलीकडं लागलो तरी त्याची बंदूक वाजत व्हती. मंग थांबली. मेला का धरला, मी बघितलं न्हाई. उजाडलं तवा काठावर कुनी नव्हतं."

"मंग मेला म्हनून कशापायी सांगता?" मी विचारलं.

"विलायतेत पेपरवाल्यांनी छापलं, शेवटी निघालेला मानूस हेस्केटन. मी बोललो न्हाई. सरकारनं बिल्ला दिला, मी घेतला. बापाचं काळीज सुपाएवढं झालं. त्याच गोष्टीवर मी मतं मागितली, लोकांनी दिली. खरं काय ते एकालाच ठावं व्हतं, येसाजीला." त्याने दगडाकडे मान वळवली. "त्याचं नाव हितं कोरलं म्हंजी मी सुटलो. म्हनून मीच सरकारला सांगितलं, ह्या गावाला मी जातो."

मला काय वाटलं ते सांगते. मला त्या माणसाचा संताप आला. माझा नवरा तिथे टाकून हा पार्लमेंटात जाऊन बसला, वर त्याच्या नावाचा दगड उभारून त्यालाच गाडायला आला. आणि त्याच वेळी मला असं वाटलं की या माणसाने ओंजळीतला भंडारा खाली टाकू नये, अजून बोलत राहावं, कारण माझ्या नवऱ्याचं शेवटचं हसू त्याच्यापाशी होतं.

मामंजी पुढे सरकले. काठी त्यांनी कुठे टाकली कोण जाणे.

"म्हंजी माजा येसू शेवटपतुर हुबा व्हता?"

"व्हय."

"पळाला न्हाई?"

"त्यो न्हाई पळाला, बाबा. मी पळालो."

मामंजी सावकाश वळले. चावडीवरचे सगळे शहाणे तिथेच बसले होते, पागोटी बांधून. मामंजींनी एकेकाच्या तोंडाकडे बघितलं.

"ऐकलं का रं?" ते म्हणाले. कुणी मान वर केली नाही. मग त्यांनी हाक दिली, "कोंडिबा, छिन्नी आन. ह्यातनं माज्या पोराचं नाव काढ. बेपत्ता हाय त्यो, मेलेला न्हाई."

"असं कसं?" मामलेदार म्हणाले. "हा सरकारी दगड आहे. वरून मंजूर होऊन आलेली नावं आहेत."

"वरचं मी बघतो," साहेब म्हणाला. "आन कोंडिबा, माजं बी काढ."

कोंडिबा छिन्नी घेऊन आला, पण दगडापाशी उकिडवा बसून डोकं खाजवायला लागला. गडी अक्षरं कागदावर बघून हुबेहूब उतरवायचा, पण वाचता त्यालाही येत नव्हतं.

"सायबाचं कळालं, शेणातलं," तो म्हणाला. "शेण धुऊ का आदी?"

"नगं. तसंच खोड," साहेब म्हणाला.

"आन दुसरं कंचं? वैनी, तुमी नाव घ्या बगू. मामलेदार हितं वाचून दावतील, पर त्ये नाव तुमच्या तोंडनं आल्याबिगर म्या छिन्नी लावनार न्हाई. काल तुमी मला इचारलं आन आज ह्यो घोळ झाला. पुन्यांदा बोल नगं."

बायकांत खसखस पिकली. इतक्या वेळानंतर पहिल्यांदाच कुणी मोकळं हसलं असेल. नवऱ्याचं नाव घ्यायचं ते उखाण्यातच, आणि उखाणा घ्यायचा तो सवाष्णीनेच. विधवेला कुणी नाव घ्यायला सांगत नाही. कोंडिबाला ते कळत होतं की नाही देव जाणे, पण सगळ्या गावादेखत त्याने मला नाव घ्यायला सांगितलं होतं, आणि एकानेही त्याला अडवलं नाही.

लग्नात मी लाजून कसाबसा एक उखाणा घेतला होता. तो आता आठवेना. मग तिथल्या तिथे जे सुचलं ते मी डोक्यावरचा पदर सारखा करून खणखणीत म्हटलं:

"येशीच्या दगडावर बसंल उद्या धूळ,
येसाजीरावांचं नाव घेते, तेच कुंकवाचं मूळ."

साहेबाला उखाणा कळला. येसाजीने तेही शिकवलं असेल. त्याने मान खाली घातली आणि हातातला उरलेला भंडारा आपल्याच कपाळाला लावला. आगाशे मामलेदारांनी पुढे होऊन, मुकाट्याने, शेवटून दुसऱ्या ओळीवर बोट ठेवलं. कोंडिबाने हातोडा उचलला.

छिन्नीचा आवाज चालू असताना साहेब माझ्याजवळ आला. टेबलावरचं माझ्या वाट्याचं पांढरं लुगडं शिपाई उचलून नेत होता, त्याकडे त्याने पाहिलं.

"त्यो आला न्हाई तर?" त्याने विचारलं. चिडवायला नव्हे. त्याला खरंच ऐकायचं होतं.

"तर न्हाई आला," मी म्हणाले. "पर म्या त्याला घराभाईर काढलं न्हाई, येवढं ऱ्हाईल."

"मी काय करू?"

लाटसाहेबाने मला सल्ला विचारावा, असा तो दिवस होता. मीही दिला.

"तुमच्या बापाला सांगा. त्याच्या दगडांपुढं हुबं ऱ्हाऊन सांगा. हितं परक्या गावात बोलला, त्यात काय मोठं? शेण म्या लावलं म्हनून बोलला, तुमी आपनहून काय केलं?"

आज आठवलं की माझीच मला गंमत वाटते. जिभेला हाड नव्हतं माझ्या. साहेब घोड्यावर बसला आणि गेला. त्याच्या कोटाच्या दोन्ही बाह्या पिवळ्या झाल्या होत्या, त्याने त्या झटकल्या नाहीत.

पुढे पलटणीतून पेन्शनीवर आलेल्या एका सुभेदाराने सांगितलं की हेस्केटन साहेब विलायतेला गेला, तिथे भर सभेत उठून दजलेची गोष्ट जशीच्या तशी बोलला, आणि येसाजी फडतरे हे नाव दोनदा घेतलं. बापाने त्याच्याशी बोलणं टाकलं. पुढच्या निवडणुकीत लोकांनी त्याला पाडलं. यात सुभेदाराची भर किती आणि खरं किती, खंडोबा जाणे. मी मात्र ते सगळं खरं धरून चालते.

बारा वर्षं भरली तेव्हा भावकीतले चारजण दर्भ घेऊन आमच्या दारात आले. आता तरी विधी उरकून घेऊ म्हणाले. मला उठावंच लागलं नाही. मामंजी ओसरीवर बसलेले असायचे, डोळ्यांनी अधू झालेले. त्यांनी काठी उंबऱ्यावर आडवी धरली.

"गोळी लागून बी ज्यो पळाला न्हाई," ते म्हणाले, "त्याला तुमी गवताचा करून जाळनार? चला, निगा."

पुढे मामंजी वारले. मी उतारवयात गावच्या प्रौढांच्या वर्गात बसून अक्षरं शिकले. कशासाठी शिकले ते कुणी विचारलं तर सांगते, पुन्हा चुकीच्या नावावर शेण जायला नको. वेशीवरचा दगड अजून आहे. बाकीची नावं मला आता घडाघडा वाचता येतात, आणि खाली दोन ओळींच्या जागी दगड खडबडीत आहे. खालच्या पट्ट्यात कोंडिबाने शेणासकट छिन्नी मारली, त्यामुळे तो वरच्याहून थोडा काळपट दिसतो, असं मला वाटतं. दुसऱ्या कुणाला ते दिसत नाही.

परवा शाळेतली नवी मास्तरीण मुलांना दगड दाखवायला घेऊन आली. मी पारावर बसले होते. तिने माझ्या कपाळाकडे पाहिलं, मुलांनी तिला काहीतरी सांगितलं असणार, आणि ती जरा घुटमळून म्हणाली, "आजी, राग मानू नका. पण आता ते असते तरी शंभरीला आले असते. अजून किती वाट बघणार?"

"दमानं गं बाई," मी म्हणाले. "डोंगर काय पळून चाललाय?"